त्रितय की नुसते तीन?

सामान उतरवून टेम्पो निघून गेला होता. मी, माझा नवरा निलेश आणि आमची सई, असे तिघं गाद्या आणि कुंड्यांच्या मधोमध उभे होतो. एवढ्यात इस्त्रीचा पांढरा बुशशर्ट घातलेले एक उंच, किडकिडीत गृहस्थ जवळ आले. ना नमस्कार, ना केम छो. आमच्या तिघांकडे आळीपाळीने बघत त्यांनी विचारलं, "तुम्ही त्रितय आहात की नुसते तीन?"

निलेशला वाटलं, सोसायटीत मेंटेनन्सचे काही वेगवेगळे दर असतील. तो सावधपणे म्हणाला, "घर मालकीचं आहे."

"ते नाही विचारलं," गृहस्थ म्हणाले. "असू द्या. कळेल हळूहळू." आणि आमची एक कुंडी सावलीत सरकवून ते निघून गेले.

हे सबनीसकाका. बडोद्याच्या समा भागातल्या आमच्या सोसायटीत तळमजल्यावर एकटे राहतात. काकू जाऊन बरीच वर्षं झाली, मुलगा बंगळूरला. त्यांचे आजोबा बडोदा संस्थानच्या कचेरीत मोठ्या हुद्द्यावर होते. त्या वैभवातलं काकांच्या वाट्याला काय आलं, असं कुणी विचारलं की ते म्हणायचे, "जमीन चुलत्यांकडे गेली, भांडी आत्याकडे गेली. मला शब्द आला." तो शब्द म्हणजे त्रितय. आजोबा म्हणे कचेरीत तीन कारकुनांना एकदम बोलवायचं झालं तरी "त्या त्रितयास पाठवा" म्हणत. कारकुनांना काय वाटत असेल ते असो. नातवाच्या मात्र तो शब्द जो डोक्यात बसला तो बसलाच.

मी शाळेत भूगोल शिकवते. शब्दांचं मला कौतुक आहे, पण वेड नाही. घरी येऊन मी कोश उघडून पाहिला. त्रितय म्हणजे तिहींचा समूह, एवढंच त्यात होतं. दुसऱ्या दिवशी काकांना तसं सांगितलं, तर त्यांनी माझ्याकडे एखाद्या नापास मुलीकडे बघावं तसं बघितलं.

"तिहींचा समूह तर रिक्षात मागे बसलेले तीन पॅसेंजरही असतात. ती तिकडी. तिघं मिळून चौथ्याचं वाटोळं करायला निघाले की त्रिकूट. मोठ्या, पूज्य गोष्टी असल्या तर त्रयी. आणि त्रितय म्हणजे..." इथे ते थांबायचे आणि एक बोट वर करायचे. "एक काढून बघा. एक काढल्यावर उरलेली दोन जर कसलीच राहिली नाहीत, तरच ते त्रितय."

हा अर्थ कोशात नव्हता. तो आला होता नंदेसरीहून. काका तिथल्या एका केमिकल फॅक्टरीत सेफ्टी ऑफिसर होते. नवीन कामगार आले की त्यांना आग म्हणजे काय ते शिकवायचं हे त्यांचं काम. जळणारी वस्तू, हवा आणि ताप, अशा तीन गोष्टी जमल्या की आग लागते. तिन्हींतली कुठलीही एक काढून घ्या, आग विझते. जगभर हे त्रिकोण काढून शिकवतात. काका फळ्यावर त्रिकोण काढायचे आणि वर देवनागरीत लिहायचे, त्रितय. "आ त्रितय छे. एक काढो, खेल खलास." सौराष्ट्रातली, बिहारमधली, कुठकुठली माणसं तो शब्द घोकायची. माझी खात्री आहे की या शब्दाचा महाराष्ट्रात झाला नसेल इतका वापर नंदेसरीच्या बॉयलरांजवळ झाला असेल.

निवृत्त झाल्यावर फळा गेला, पण खोड गेली नाही. दिसेल त्या तीन गोष्टींची परीक्षा चालू असायची. चहा, दूध, साखर? "दूध काढा, काळा चहा राहतो. नापास." वरण, भात, तूप? इथे ते जरा घुटमळायचे, कारण तूप त्यांना आवडायचं, पण शेवटी नापासच. पास झालेली मोजकी. त्यांत बडोद्याची सेवउसळ. "तरी काढून घ्या. उरलं काय? नुसतं कडधान्य आणि नुसतं फरसाण! शंभर टक्के त्रितय." मी म्हटलं, "आणि पाव? तो चौथा झाला ना?" काका क्षणभरही न थांबता म्हणाले, "पाव पाहुणा आहे."

सोसायटीच्या मीटिंगा त्यांच्यामुळे फार रंगायच्या. आमचे सेक्रेटरी केतनभाई एकदा लिफ्टच्या दुरुस्तीसाठी तीन माणसांची कमिटी नेमत होते. काका उभे राहिले. "केतनभाई, यांतला एक जण गावाला गेला तर बाकीचे दोघं काम करतील?"

"करशे ने. केम नहीं?"

"मग ही नुसती कमिटी आहे. चालू द्या." ते खाली बसले. केतनभाईंना आपण जिंकलो की हरलो ते कळलं नाही. लिफ्टचं म्हणाल, तर ती अजून दुसऱ्या मजल्यावर अडकते.

काकूंचा विषय मात्र या परीक्षेत कधी यायचा नाही. एकदा मीच आगाऊपणे विचारलं, "काका, तुम्ही, काकू आणि मुलगा, तुमचं त्रितय होतं का हो?" ते म्हणाले, "ते घर. घराचं खातं वेगळं." मग कुणाचं होतं, हे विचारायचं मला तेव्हा सुचलं नाही.

सई बारावी झाली आणि तिला पुण्याला प्रवेश मिळाला. तिला पोचवायला आम्ही तिघं पहाटे निघालो. गाडीत बसण्याआधी मी कंपाउंडमधला एक खडा उचलून पर्समध्ये टाकला. आमच्याकडे तिघांनी मिळून बाहेर पडायचं नाही असं आहे, पडलंच तर चौथा म्हणून एक खडा बरोबर घ्यायचा. आई करायची, म्हणून मी करते. भूगोलाची शिक्षिका असले तरी सईच्या बाबतीत मी कुणाशी वाद घालणार नव्हते.

काका फाटकापाशी उभे होते. त्यांनी ते पाहिलं आणि एकदम भडकले. "हे काय? शिकल्यासवरल्या बाई तुम्ही! तिघं आहात ते काय वाईट आहे? दगड कसला घेता बरोबर? टायरमधली हवा बघितलीत का? ती बघा!" त्यांनी हात पुढे केला. वयाने मोठं माणूस, मी मुकाट्याने खडा त्यांच्या तळहातावर ठेवला. त्यांनी तो भिंतीपलीकडे फेकायला हात उगारला.

आणि हात तसाच राहिला. मला वाटलं, खांदा धरला की काय. काकांनी सावकाश हात खाली घेतला, खडा बुशशर्टाला पुसला आणि माझ्या हातात परत दिला. "असू द्या," ते म्हणाले. आवाज अगदीच वेगळा होता. "पोचलात की फोन करा."

आम्ही पोचल्यावर फोन केला. सईला ठेवून परत आलो, तेव्हाही ते फाटकातच होते. "खडा?" त्यांनी विचारलं. मी पर्स उघडून दाखवला. त्यांनी मान डोलावली आणि म्हणाले, "जरा बसता का?"

बाकावर बसून त्यांनी मला जे सांगितलं, ते त्यांनी आणखी कुणाला सांगितलं असेल असं वाटत नाही.

फॅक्टरीत ते तिघं होते. सबनीस, बॉयलरवरचे रमणभाई आणि लॅबमधले विनायक पेठे, म्हणजे विन्या. कंपनीच्या बसमध्ये तिघांच्या सीटवर विन्या मधे, हे दोघं कडेला. रमणभाई गुजरातीत बोलायचे, सबनीस मराठीत उलट उत्तर द्यायचे आणि विन्या दोन्ही भाषांत हसायचा. निवृत्तीनंतर बस सुटली, पण दर रविवारी सकाळी स्टेशनजवळच्या गाडीवर सेवउसळ खायची हे सुटलं नाही. तिथेही बाकावर विन्या मधेच.

"आमचं होतं," काका म्हणाले. "त्रितय."

विन्याची बायको, नलूवहिनी, फार भाबडी. तिघं कुठे निघाले की ती विन्याच्या वरच्या खिशात खडा टाकायची. आणि गल्लीचं वळण आलं की काका तो खडा काढून फेकून द्यायचे. सेफ्टी ऑफिसरच ते! "आपण तिघं आहोत ते पुरेसं आहे, दगडाला मेंबर करायची गरज नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. विन्या हसायचा. रमणभाई काही बोलायचे नाहीत.

एका रविवारी ते तिघं पावागढला जाऊन आले. नेहमीप्रमाणे वहिनींनी खडा दिला, नेहमीप्रमाणे काकांनी वळणावर फेकला. दिवस मजेत गेला. पुढच्या रविवारच्या आत विन्या झोपेतच गेला.

"मी या असल्या गोष्टी मानत नाही," काका म्हणाले. "आजही मानत नाही. त्याचं हृदय आधीपासून खराब होतं, डॉक्टरांनी सांगितलेलं होतं. पण भेटायला गेलो, तेव्हा वहिनींनी मला विचारलं, 'भावजी, त्या दिवशी यांच्याबरोबर खडा होता ना हो?' मी हो म्हणालो. त्या बाईला दुसरं काय सांगणार होतो? रमण शेजारीच उभा होता. फेकताना त्याने पाहिलं होतं. त्याने मान वळवून माझ्याकडे बघितलं. एक अक्षर बोलला नाही, नुसतं बघितलं."

पुढच्या रविवारी दोघं गाडीवर गेले. मधे जागा ठेवून बसले. खाल्लं आणि उठले. त्याच्या पुढच्या रविवारी काका गेलेच नाहीत.

"भांडण झालं असतं तर मिटवता आलं असतं," ते म्हणाले. "मी मनाची समजूत घातली, की व्याख्याच आहे ना तशी. एक काढलं, आग विझली. आपण कशाला फुंकर मारत बसायचं? रमण मांजलपूरला, मी समाला. शहराची दोन टोकं. निमित्त लागतच नाही न भेटायला."

मी विचारलं, "आता कुठे असतात रमणभाई?" काकांनी खिशातून फोन काढला. फॅक्टरीच्या जुन्या माणसांच्या ग्रुपवर कुणीतरी लिहिलं होतं, की रमणभाई फ्लॅट विकून मुलाकडे कॅनडाला चालले आहेत, कायमचे.

"मग चला की!" मी म्हटलं.

"बघू," काका म्हणाले.

पुढचे काही दिवस हे "बघू" चाललं. आज पित्त झालंय, उद्या नळवाला येणार आहे, परवा अमावास्या. अमावास्या! मी मनात म्हटलं, आता मात्र हद्द झाली. रविवारी सकाळी स्कूटर काढून मी त्यांच्या दारात हॉर्न वाजवत उभी राहिले. थांबवेचना मला. नवरा लांबून म्हणाला, "अगं, त्यांना नसेल जायचं." मी म्हटलं, "जायचंय म्हणूनच पित्त होतंय त्यांना."

काका बाहेर आले ते हेल्मेट घालूनच. आधी त्यांनी दोन्ही चाकं अंगठ्याने दाबून पाहिली. ब्रेक मारून दाखवायला लावला. इंडिकेटर उजवा, इंडिकेटर डावा. माझ्या हेल्मेटचा पट्टा ओढून बघितला. मग मागे बसले आणि समापासून मांजलपूरपर्यंत मला सूचना देत राहिले. मधे स्टेशनजवळ मात्र एकदम गप्प झाले. सेवउसळीच्या गाडीभोवती रविवारची गर्दी होती. मी आरशात पाहिलं तर त्यांनी तोंड दुसरीकडे वळवलं होतं.

रमणभाईंच्या घरात पाय ठेवायला जागा नव्हती. भिंतींवर उतरवलेल्या तसबिरींचे चौकोन, जमिनीवर उघड्या बॅगा. आणि मधोमध रमणभाई, ठेंगणे, गोल, हातात सामान वजन करायचा काटा घेऊन एका बॅगेशी झटापट करत होते. त्यांनी वर पाहिलं. काटा हातातच राहिला.

"आव," ते म्हणाले. "बहु मोडो आव्यो." फार उशीर केलास. एवढं बोलून त्यांनी पलंगावरचे स्वेटर बाजूला सारले आणि काकांना बसायला जागा केली. मी दाराजवळच्या खोक्यावर टेकले.

किती किलो नेता येतं, विमानात लोणचं चालतं का, तिकडे थंडी किती, असलं बोलणं झालं. मला वाटलं, हे आता चहा पिऊन उठणार. आणि काकांनी एकदम सांगून टाकलं. "रमण, मी त्या दिवशी वहिनींशी खोटं बोललो. खडा नव्हता. तुला माहीत होतं. तू माझ्याकडे बघितलंस, ते मी विसरलो नाही."

रमणभाई उठले, खुंटीवरच्या जुन्या बंडीच्या खिशात हात घातला आणि काहीतरी काढून काकांच्या हातावर ठेवलं. गुळगुळीत झालेला, करड्या रंगाचा एक खडा.

"तुं दर वखते फेंकी देतो. एटले बीजो हुं राखतो. मारा खिस्सामां. पावागढमां पण हतो."

तू दर वेळी फेकून द्यायचास, म्हणून दुसरा मी माझ्या खिशात ठेवायचो. पावागढलाही होता.

"नलूभाभीए पूछ्युं, ने तें हा पाडी, हो म्हणालास," रमणभाई सांगत होते. "मने थयुं, आने केवी रीते खबर? याला कसं कळलं? मी कधी तुला सांगितलं नव्हतं, तू रागावशील म्हणून. एटले हुं तारी सामे जोतो रह्यो, बघतच राहिलो." आणि मग ते हसायला लागले. सगळं अंग हलवून हसले. "सेफ्टी ऑफिसर तुं, ने सेफ्टी राखी में!"

काकाही हसले. हसता हसता त्यांनी चष्मा काढला आणि तो बराच वेळ पुसत बसले. म्हणजे ज्या खोट्यापायी त्यांनी हे घर टाळलं होतं, ते खोटं नव्हतंच. वहिनींना दिलेलं उत्तर खरं होतं. मला वाटलं होतं, हे ऐकून त्यांच्या छातीवरचा दगड उतरेल. पण त्यांच्याकडे पाहिलं आणि कळलं की उलटंच झालंय. एवढे रविवार फुकट गेले होते, आणि आता दोष द्यायला कारणसुद्धा उरलं नव्हतं.

"मग तू का नाही आलास?" काकांनी विचारलं. "फोन तरी करायचास."

रमणभाईंनी स्वेटरची घडी मोडली, पुन्हा घातली. "मने एम के तने विन्यो जोइतो'तो. हुं नहीं." तुला विन्या हवा होता, मी नाही. ते काकांकडे न बघता बोलले. "बे-त्रण महिना हुं गयो गाडीवर. बाकावर कुणी बसायला आलं की सांगायचो, बे जण आवे छे, दोघं यायचेत. मग लोक हसायला लागले, म्हणून बंद केलं."

काकांनी हात पुढे केला आणि रमणभाईंचं मनगट धरलं. मी पाणी आणायच्या निमित्ताने स्वयंपाकघरात गेले. तिथे भांडी नव्हती, ओट्यावर फक्त एक स्टीलचा पेला होता. माझेही डोळे भरून आले होते, पुसायला पदर नव्हता, ओढणीने पुसले.

निघताना काका खडा परत देऊ लागले. रमणभाईंनी काटा उचलून दाखवला. "तू ठेव. वजन वधे छे." दोन विमानं बदलून जाणाऱ्या माणसाला तेवढा खडा जड झाला नसता, हे तिथे आम्हां तिघांनाही माहीत होतं.

परत येताना काकांनी एकही सूचना केली नाही. मी एक सिग्नल तोडला, तरीसुद्धा.

रमणभाई त्याच आठवड्यात गेले. त्यांचा अधूनमधून फोन येतो. तेव्हा तिकडे रात्र असते, इकडे सकाळ. काका मराठीत बोलतात, पलीकडून गुजराती येतं आणि मधे हसणारं कुणी नसल्यामुळे दोघांनाच हसावं लागतं. ते हसतात, पण फोन ठेवल्यावर काका बाहेर येऊन बराच वेळ झाडांना पाणी घालत बसतात. आताशा सोसायटीच्या मीटिंगमध्येही ते फारसे उठत नाहीत. केतनभाईंनी परवा रंगकामासाठी तीन जणांची कमिटी नेमली आणि सवयीने काकांकडे पाहिलं. काका म्हणाले, "चालू द्या." केतनभाईंचा चेहरा पडला.

गेल्या रविवारी मात्र सकाळी आमची बेल वाजली. दारात काका, इस्त्रीच्या बुशशर्टात. "सेवउसळ खायला येता का? दोघंही." सई गेल्यापासून आमच्या घरात रविवार उजाडायचा, पण त्याचं करायचं काय ते कळायचं नाही. आम्ही लगेच निघालो.

फाटकाशी आल्यावर काका थांबले. वरच्या खिशावर हात ठेवून काहीतरी चाचपलं. माझं लक्ष गेलं तसे जरा ओशाळले, आणि पूर्वीच्या सेफ्टी ऑफिसरच्या आवाजात म्हणाले, "तिघं निघालोय ना."

गाडीवर आम्ही बाकावर बसलो. मी मधे बसायला लागले, तर काका म्हणाले, "तिथे नको, इकडे या." मधली जागा रिकामी राहिली. तीन प्लेटी आल्या. मला राहवेना. मी विचारलं, "काका, आता आपण त्रितय का हो?"

त्यांनी निलेशकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, मधल्या जागेकडे बघितलं. तेवढ्यात एक माणूस प्लेट घेऊन तिथे टेकायला आला. काकांनी त्याला हाताने थांबवलं.

"नाही," ते मला म्हणाले. "आपण नुसते तीन." आणि त्या माणसाकडे वळून म्हणाले, "माफ करजो. बे जण आवे छे."